‘मू’ची पोथी आणि माळ्यावरच्या पोथ्या

आपल्या घरच्या ग्रुपवर गेल्या आठवड्यात एक व्हिडिओ फिरला, तो तुमच्यापैकी निम्म्या लोकांनी पाहिला असेलच. प्रशांत महासागरात बुडालेलं ‘मू’ नावाचं साम्राज्य, त्याचा हजारो वर्षांपूर्वीचा पवित्र ग्रंथ, आणि तो ग्रंथ सापडला कुठे? तर भारतातल्या एका देवळात! खाली पंधरा नमस्कार आणि तीन तिरंगे. ग्रुपवर वाद घालायचा नाही असा आमच्याकडे अलिखित नियम आहे, म्हणून इथे लिहितोय.

ही गोष्ट जेम्स चर्चवर्ड नावाच्या इंग्रज गृहस्थांची. १९२६ साली, वयाच्या पंचाहत्तरीत, त्यांनी मूवरचं पहिलं पुस्तक काढलं. त्यात ते सांगतात की तरुणपणी हिंदुस्थानात दुष्काळाच्या कामावर असताना एका देवळातल्या वृद्ध पुजाऱ्याशी ओळख झाली, त्याने तळघरातल्या मातीच्या पाट्या दाखवल्या आणि त्यांची ‘नाकल’ भाषाही शिकवली. पाट्यांवर मूची पवित्र वचनं होती म्हणे. लोकसंख्या सहा कोटी चाळीस लाख, बुडाल्याला बारा हजार वर्षं, सगळं तपशीलवार. फक्त देवळाचं नाव नाही. गावाचं नाही, पुजाऱ्याचंही नाही. आणि त्या पाट्या आजतागायत कुणी पाहिलेल्या नाहीत. महासागराचा तळ भूगर्भशास्त्रज्ञांनी पिंजून काढलाय. बुडालेला खंड तिथे नाही.

मला चीड येते ती इथे. आपल्याला वाटतं, बघा, जगाचं मूळ ज्ञान आपल्याकडे होतं! अहो, पण त्या गोष्टीत आपण फक्त कपाट आहोत. ज्ञान मूचं, वाचणारा साहेब, आणि आपला पुजारी बिननावाचा किल्लीवाला. शिवाय चर्चवर्डच्या मूमध्ये राज्य करणारे लोक गोरे होते, हे नमस्कार टाकणाऱ्यांना बहुधा ठाऊक नसावं.

असो. खरी गंमत ‘मू’ या नावात आहे, आणि ती कुठल्याही व्हिडिओपेक्षा भारी आहे.

१५६२ साली मेक्सिकोतल्या युकातानमध्ये, मानी या गावी, दिएगो दे लांदा नावाच्या स्पॅनिश पाद्र्याने माया लोकांच्या पोथ्या गोळा करून जाळल्या. सैतानाचं लिखाण म्हणून. पुढे याच लांदाने माया लोकांबद्दल एक टिपण लिहिलं, आणि त्यात त्यांच्या लिपीची ‘मुळाक्षरं’ उतरवून घेतली. तो एकेक स्पॅनिश अक्षर म्हणायचा आणि माया लेखक त्या उच्चाराचं चिन्ह काढायचा. पण माया लिपीत आपल्यासारखीच अक्षरं असतात, म्हणजे व्यंजन-स्वर मिळून एक चिन्ह, त्यामुळे सगळा घोळ झाला. शेवटी एक वाक्य लिहून दाखव म्हटल्यावर त्या लेखकाने काय लिहिलं असेल? ‘मला नको आहे.’ बिचारा!

तीनशे वर्षांनी ब्रासर द बुर्बूर या फ्रेंच अभ्यासकाला ते टिपण सापडलं. ती मुळाक्षरं घेऊन तो एक उरलीसुरली माया पोथी वाचायला बसला आणि त्यात त्याला प्रलयात बुडालेला देश दिसला. दोन चिन्हं त्याने ‘म’ आणि ‘उ’ अशी वाचली. झालं मू! पोथी प्रत्यक्षात पंचांगासारखी, भविष्य आणि विधी सांगणारी. ले प्लोंजाँने त्या नावाभोवती राणी वगैरे उभी केली आणि चर्चवर्डने अख्खा खंड उचलून प्रशांत महासागरात नेला. तेच लांदाचं टिपण १९५२ साली युरी क्नोरोझोव्ह या रशियन माणसाने नीट वाचलं, ही अक्षरं म्हणजे बाराखडीसारखी आहेत हे ओळखलं, आणि तिथून माया लिपी उलगडत गेली. आज खऱ्या माया पोथ्या उरल्यात फक्त चार. काल्पनिक मूच्या पोथीवर पुस्तकांचा ढीग, आणि ज्यांची खरोखर जाळली त्यांच्या हाती चार!

खोटी पोथी लोकांना आवडते याचं कारण मला वाटतं सोपं आहे. ती कधी फाटत नाही, तिला वाळवी लागत नाही, वाचायला मोडी शिकावी लागत नाही, आणि ती आपल्याला हवं तेच बोलते. खरी पोथी कटकटीची असते. दोन प्रती एकसारख्या नसतात. भांडारकर संस्थेत महाभारताच्या प्रती ताडून चिकित्सक आवृत्तीचं काम १९१९ साली सुरू झालं ते संपायला १९६६ उजाडलं. संपादक सुखटणकर १९४३ सालीच गेले. आणि २००४ च्या जानेवारीत त्याच संस्थेत शिरून आपल्याच माणसांनी कपाटं फोडली, हेही आपण बघितलंय.

आता मुद्द्यावर येतो, आणि हे खास आपल्या मंडळींसाठी. गावच्या घराच्या माळ्यावर ट्रंकेत लाल रुमालात बांधलेल्या पोथ्या आहेत. घर विकायचं ठरल्यापासून, वाळवी लागलीय तर नदीत सोडून देऊ, असं दोघा-तिघांनी सुचवलंय. दादा, आत्या, रागावू नका, पण माझा याला ठाम विरोध आहे. मागे मी त्यातली एक उघडली होती. दंडाला गेरू लावलेला, चुकलेल्या अक्षरांवर हरताळाचा पिवळा लेप. हरताळ फासणं हा वाक्प्रचार आपण सर्रास वापरतो, तो हरताळ मी प्रथम तिथे पाहिला. काय लिहिलंय ते पूर्ण कळलं नाही. कदाचित फक्त व्रतांच्या कहाण्या असतील, कदाचित कुणा पूर्वजाचा औषधांचा जुडगा. साम्राज्य बिम्राज्य नक्कीच नाही. पण ते कुणीतरी खरोखर बसून, दिव्याच्या उजेडात, चुका दुरुस्त करत लिहिलंय.

पुण्यात भांडारकर आहे, भारत इतिहास संशोधक मंडळ आहे. दाखवायला काय हरकत आहे? दिवाळीत सगळे जमू तेव्हा ट्रंक खाली काढू, एकेका पानाचे फोटो घेऊ, मग काय ते ठरवा. नेण्या-आणण्याचा खर्च माझ्याकडे. तोवर कुणीही त्यावर फिनाईल, रॉकेल काही शिंपडू नका, आणि कृपा करून पानं उन्हात वाळत घालू नका.