गूफीचा बाप संपावर

"टॅलेंट असेल तर युनियन कशाला लागते?" हिंजवडीच्या कुठल्याही कॅन्टीनमध्ये दुपारी दीड वाजता हे वाक्य ऐकायला मिळतं. बोलणारा हमखास हुशार असतो, त्याला रेटिंगही चांगलं मिळालेलं असतं, आणि युनियन म्हटलं की त्याच्या डोळ्यांसमोर १९८२ चा गिरणी संप उभा राहतो. मग पुढे विचार करायचं कामच नाही! अशा सगळ्या मंडळींना मला आर्ट बॅबिटची गोष्ट ऐकवायची आहे.

बॅबिट १९३२ मध्ये डिस्नेत आला. गूफी तेव्हा प्रेक्षकांत बसून खिदळणारा एक किरकोळ कुत्रा होता. बॅबिटने १९३४ मध्ये त्याच्यावर चक्क एक टिपण लिहिलं: हा विचार कसा करतो, याच्या पाठीचा बाक उलटा कसा, पोट पुढे का येतं... कार्टूनमधल्या कुत्र्याचं मानसशास्त्र! आपल्याकडे लोक रिक्वायरमेंट डॉक्युमेंटसुद्धा इतक्या प्रेमाने लिहीत नाहीत. 'स्नो व्हाइट'मधली (१९३७) राणी त्याची, 'पिनोकियो'मधला जेपेटो त्याचा, 'फँटेशिया'मधल्या नाचणाऱ्या अळंब्या त्याच्या (दोन्ही १९४०). सुरुवातीच्या काळात सहकाऱ्यांसाठी स्वतःच्या घरी मॉडेल बोलावून चित्रकलेचा वर्गही त्यानेच सुरू केला. पुढे डिस्नेने तो वर्ग स्टुडिओत आणला.

त्याची एक युक्ती तर मला फार आवडते. हात हलवताना आधी खांदा, मग कोपर, मग मनगट अशी सांध्यांची हालचाल एकामागून एक मोडत न्यायची. गरज पडली तर एखाद्या चित्रात कोपर सरळ उलटं वाकवायचं. प्रत्यक्षात अशक्य, पण पडद्यावर काटकुळ्या सरळ रेषांचा हात पाण्यासारखा वाहतो. एका सेकंदात २४ फ्रेम्स, कोण पकडणार?

पण या २४ फ्रेम्स एकटा बॅबिट काढत नव्हता, आणि खरी मेख इथे आहे. ॲनिमेटर महत्त्वाच्या पोझेस काढायचा, असिस्टंट रेषा साफ करायचा, इनबिट्वीनर मधली चित्रं भरायचा, आणि मग इंक अँड पेंटमधल्या मुली एकेक चित्र सेल्युलॉइडवर गिरवून रंगवायच्या. पगार या उतरंडीत खाली येता येता झपाट्याने बारीक व्हायचा. बोनस कुणाला, किती आणि का, ते मालकाच्या मर्जीवर. पडद्यावर नाव बहुतेकांचं नाहीच.

१९४० मध्ये स्टुडिओ बरबँकच्या नव्या कॅम्पसमध्ये गेला. एसी, कॅन्टीन, हिरवळ, आणि मालकाला सगळ्यांनी 'वॉल्ट' म्हणायचं. ओळखीचं वाटतंय ना? युद्धामुळे युरोपचा बाजार बंद झाला, सिनेमे तोट्यात गेले, आणि फॅमिलीतल्या धाकट्यांना आपण नक्की कोण आहोत ते कळलं.

वॉल्ट काही राक्षस नव्हता. चित्रकलेच्या वर्गांवर त्याच्याइतका पैसा तेव्हा कुणीच घालत नव्हतं. पण प्रेमळ मालक असणं आणि पगाराचे लेखी नियम असणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, आणि पहिलीच्या नावाखाली दुसरी टाळली जाते.

बॅबिटला स्वतःला काय कमी होतं? तो बड्या पगारवाल्यांपैकी. त्याने आपल्या असिस्टंटसाठी पगारवाढ मागितली, नकार मिळाला. आधी तो कंपनीनेच पाळलेल्या युनियनचा अध्यक्ष होता. ती नुसती शोभेची आहे हे दिसल्यावर तो बाहेरच्या स्क्रीन कार्टूनिस्ट्स गिल्डमध्ये गेला. मे १९४१ मध्ये वॉल्टने त्याला काढून टाकलं आणि २९ मे रोजी संप सुरू झाला. गेटवर बॅबिट लाउडस्पीकरवरून वॉल्टला लाज काढून बोलला, वॉल्ट गाडीतून उतरून त्याच्या अंगावर धावून गेला. दोघांना आवरावं लागलं!

सरकारी मध्यस्थीनंतर युनियनला मान्यता मिळाली. पगाराची स्पष्ट श्रेणी आली, तक्रारीची रीतसर सोय झाली. त्याच ऑक्टोबरात आलेल्या 'डम्बो'त दारू प्यायलेले विदूषक पगारवाढ मागायला मालकाकडे निघतात. गंमत अशी की त्याच सिनेमातला करकोचा बॅबिटने काढलेला आहे.

आता कॅन्टीनवाला म्हणेल, "बघ, वाट लागलीच ना त्याची!" थोडी लागली, नाही कशाला म्हणू? त्याला पुन्हा काढलं, तो कायद्याने लढून परत आला, युद्धानंतर पुन्हा काही दिवस तिथे काढले आणि १९४७ मध्ये कायमचा बाहेर पडला. त्याच वर्षी वॉल्टने अमेरिकी संसदेच्या समितीपुढे साक्ष देताना संपाचं खापर कम्युनिस्टांवर फोडलं. पण बॅबिट संपला नाही. यूपीएत त्याने 'रूटी टूट टूट' (१९५१) केला, आणि १९७३ मध्ये रिचर्ड विल्यम्सने लंडनच्या आपल्या स्टुडिओत त्याला शिकवायला बोलावलं. ते वाकडं कोपर विल्यम्सच्या पुस्तकातून आज जगभरची पोरं शिकतात, थ्रीडीवालेसुद्धा.

म्हणजे टॅलेंट माणसाला दुसरी नोकरी मिळवून देतं, मान्य. इनबिट्वीनरचं काय? तुमच्या टीममध्ये रात्री दोनला डिप्लॉयमेंट सांभाळणाऱ्या, काँट्रॅक्टवरच्या पोराचं काय? त्याचं रेटिंग बेल कर्व्हमध्ये बसवताना खाली ढकललं, तेव्हा खोलीतले टॅलेंटवाले काय बोलले? मी अशा एका मीटिंगला होतो. सगळे लॅपटॉपमध्ये बघत होते.

बाकी डिस्ने कंपनीने बॅबिटला 'डिस्ने लेजंड' किताब दिला खरा. २००७ मध्ये. तो १९९२ मध्येच गेला होता.