झिंगलेल्या पात्राचा विनोद आणि त्यावरचे आक्षेप

मेजवानीत ढोसून घरी परतलेला गृहस्थ हे मूकपटांच्या विनोदिकांमधले हक्काचे पात्र. चार्ली चॅप्लिनचे ‘द राउंडर्स’ (1914) आणि ‘वन ए.एम.’ (1916) हे त्याचे ठळक नमुने. मालवण किनाऱ्यावर ते दाखवायचे म्हटले की संस्कारांचे रखवालदार उभे राहतात. दारूने घरे बुडाली तिथे हा विनोद म्हणजे व्यसनाची जाहिरात, मालवणी माणसाला शब्दांवाचून हसू येत नाही, आणि झोकांड्या खाणे ही कला नव्हे, एवढे त्यांचे म्हणणे.

पहिला आक्षेप चित्रपट न पाहता घेतलेला आहे. ‘वन ए.एम.’मध्ये पिण्याचे सुख कुठेच नाही. किल्ली सापडत नाही म्हणून गृहस्थ खिडकीतून घरात शिरतो. ती सापडताच पुन्हा खिडकीतून बाहेर पडतो आणि दाराने रीतसर आत येतो. फिरत्या टेबलावरची दारू त्याला हुलकावण्या देते. पेंढा भरलेल्या जनावरांना तो बिचकतो, जिन्याच्या माथ्यावर घड्याळाचा लंबक त्याला खाली लोटतो, भिंतीतला घडीचा पलंग आवरत नाही, आणि अखेर तो न्हाणीघरातल्या टबात झोपतो. ‘द राउंडर्स’मधली दोघा झिंगलेल्यांची जोडी तर गळक्या होडीत झोपून बुडते. हे पाहून कोणाला प्यावेसे वाटेल, ते आक्षेपकांनी सांगावे. चॅप्लिनचे वडील दारूपायी 1901 मध्ये, अडतिसाव्या वर्षी गेले. ज्याच्या घरानेच हे भोगले, त्याच्यावर दारूचे गोडवे गाण्याचा आरोप करणे हा उघड अन्याय आहे. गडकऱ्यांच्या ‘एकच प्याला’तल्या तळीरामाच्या हशावरही असाच ठपका ठेवला जातो, जणू नवऱ्याच्या दारूपायी झालेली सिंधूची दैना त्या नाटकात नाहीच. 1939 च्या ‘ब्रँडीची बाटली’ या चित्रपटात दामूअण्णा मालवणकरांचा बगाराम बाटलीसाठी वणवण करतो, तेव्हाही प्रेक्षक हसतात त्याच्या फजितीला.

शब्दांचा मुद्दा आडदशावतारात, म्हणजे दशावतारी नाटकाच्या पूर्वरंगात, निकालात निघतो. त्यातला राक्षस संकासुर बोलतो फर्मास, पण त्याच्या चालीनेच पोरे आधी हसू लागतात.

तिसऱ्याला एक ओळ पुरे: तोल पक्का असल्याशिवाय तोल गेल्याचे सोंग वठत नाही.

‘वन ए.एम.’मध्ये सुरुवातीचा टॅक्सीवाला सोडला तर चॅप्लिन एकटाच आहे. एका देहाने दोन रिळे पेलून धरणारा हा अभिनय दशावतारी कलावंतांनी अभ्यासावा, आणि सिंधुदुर्गातल्या शाळांनी तो मुलांना बेलाशक दाखवावा.