क्रंबलला सफरचंदच कशाला?

फळाच्या फोडी, त्यांच्यावर पीठ, लोणी आणि साखर एकत्र चोळून केलेला भुगा, आणि तो तांबूस होईस्तोवर भाजणं. ॲपल क्रंबल म्हणतात ते एवढंच. अंडं नाही, यीस्ट नाही, आयसिंगची नक्षी नाही. ज्याचा केक हटकून बसतो त्यालाही हे जमतं, म्हणूनच थंडी पडली की मोबाइलवर त्याचे व्हिडिओ फिरायला लागतात. यादी ठरलेली: सफरचंदं, मैदा, बटर, ब्राऊन शुगर, दालचिनी. अकोल्यापासून वीसेक किलोमीटरवरच्या बार्शीटाकळीतही आता कुणाकुणाच्या ओट्यावर छोटा ओव्हन आलेला असतो, तेव्हा हा पदार्थ आपल्याकडे व्हावा की नाही हा प्रश्न उरलेला नाही. तो होणारच. माझं म्हणणं इतकंच की बार्शीटाकळीत क्रंबल करायचं तर सफरचंदाचं करू नये. पेरूचं करावं, म्हणजे आपल्या जांबाचं, आणि वरचा भुगा मैद्याऐवजी ज्वारीच्या पिठाचा करावा. हे स्वदेशीच्या अभिमानापोटी सांगत नाही. पदार्थ तसाच चांगला होतो, आणि तो जिथून आला तिथल्या रीतीलाही तेच धरून आहे.

ती रीत टंचाईची आहे. दुसऱ्या महायुद्धात ब्रिटनमध्ये 8 जानेवारी 1940 पासून लोणी, साखर आणि बेकनचं रेशनिंग सुरू झालं. पुढे लोण्याचा वाटा आठवड्याला माणशी दोन औंसांवर, म्हणजे साधारण 57 ग्रॅमवर आला. फळाला खालून-वरून कणकेच्या पारीत बंद करून पाय भाजायचा तर एवढ्या लोण्यात भागणं अवघड. मग पारी लाटायची सोडून थोड्याशा लोण्यात चोळलेलं पीठ फळावर नुसतं भुरभुरायचं, त्यात कधी ओट्स, कधी शिळ्या पावाचा चुरा घालायचा, हा मार्ग घरोघर रुळला. आणि फळ सफरचंदच का? तर ते परसात होतं. जहाजांतली जागा दारूगोळ्याला आणि धान्याला लागत होती, केळ्यांची आयात 1940च्या अखेरीस सरकारने बंदच केली. जे झाडाला लागलं होतं ते ताटलीत आलं. रेशनिंग पुरतं उठायला जुलै 1954 उजाडला, तोवर क्रंबल त्यांच्या रविवारच्या जेवणात कायमचं बसलं होतं. परसातलं फळ आणि हाताशी असेल ते पीठ, ही ज्या पदार्थाची जन्मकथा, त्याच्यासाठी काश्मीरचं फळ, गिरणीचा मैदा आणि पाकिटातली ब्राऊन शुगर गोळा करत बसणं म्हणजे नाव राखून रीत सोडणं झालं.

यावर लगेच म्हणता येईल की सफरचंद आता परकं कुठे राहिलं? आठवडी बाजारात हातगाडीवर ढीग असतो, पेशंटला भेटायला जाताना आपण तेच नेतो. खरं आहे. पण बाजारात मिळणारं सफरचंद आणि क्रंबलला लागणारं सफरचंद या दोन वेगळ्या जाती आहेत. इंग्रज घरात क्रंबलला वापरतात ते ब्रॅमली. नॉटिंगहॅमशायरमधल्या साउथवेल गावी 1809 मध्ये मेरी ॲन ब्रेल्सफर्ड नावाच्या मुलीने बी पेरलं, त्या झाडाचं हे फळ. (बी लावलं मुलीनं, नाव लागलं पुढे ते घर विकत घेणाऱ्या ब्रॅमली खाटकाचं. सातबाऱ्याची गंमत सगळीकडे सारखीच.) ते कच्चं खाववत नाही इतकं आंबट असतं, आणि भट्टीत गेलं की विरघळून मऊ लगदा होतं. वरचा गोड भुगा आणि खालचा आंबट लगदा या झगड्यावरच क्रंबलची सगळी चव उभी असते. आपल्याकडे पिढ्यान् पिढ्या आलेलं सफरचंद हे मुख्यतः डेलिशियस कुळातलं. ते अमेरिकेहून आणून हिमाचलच्या कोटगडमध्ये 1916च्या सुमारास रुजवलं सॅम्युअल स्टोक्स यांनी, जे पुढे सत्यानंद झाले आणि स्वातंत्र्यलढ्यात तुरुंगातही गेले. डेलिशियस गोड, आंबटपणा जेमतेम, कापून खाण्यासाठीच निवडलेलं. त्यात शीतगृहात महिनोन् महिने राहिलेलं असलं तर आतून पिठूळ. त्याचं क्रंबल म्हणजे गोडावर गोड. लिंबू पिळून आंबटपणा आणता येतो, हे मान्य; पण लिंबूच पिळायचं तर ते अशा फळावर का पिळू नये, जे इथलं आहे, स्वस्त आहे आणि शिजल्यावर जास्त चांगलं लागतं?

असं फळ शोधताना आपलं आहे म्हणून कुठलंही घेऊन चालत नाही. सीताफळ वऱ्हाडातल्या डोंगरउतारांवर आपसूक येतं, पण त्याचा गर तापवला की कडू होतो, ते बाद. संत्र्यासाठी अमरावती जिल्ह्याचं वरुड-मोर्शी प्रसिद्ध, पण त्याच्या फोडी भट्टीत पाणी सोडतात आणि भुग्याचा चिखल होतो. बोरात गरापेक्षा आठोळीच जास्त. कैरी गुणाने ब्रॅमलीच्या सगळ्यांत जवळची, आणि गुळांबा करणाऱ्या घरात कैरी-गुळाचं क्रंबल उत्तम होईल यात शंका नाही; पण कैरीचे दिवस म्हणजे एप्रिल-मे, पारा पंचेचाळिशी ओलांडतो, तेव्हा अकोला जिल्ह्यात पाऊण तास भट्टी पेटवा असं कुणाला सांगण्याचा निर्लज्जपणा माझ्यात नाही. उरतो पेरू. तो ऐन थंडीत भरभरून येतो. त्याच्यात पेक्टिन भरपूर, म्हणून शिजला की पाणी न सुटता मुरंब्यासारखा आळतो. वास तर सफरचंदाला कधी नव्हताच असा. सरदार, म्हणजे लखनऊ-49, ही जात पुण्याच्या गणेशखिंडीतल्या फळ संशोधन केंद्रातच 1927 मध्ये निवडली गेली. तिचा गर पांढरा, जाड आणि हलक्या आंबूसपणाचा, तेव्हा मिळाली तर तीच घ्यावी. व्हिटॅमिन सीचा मुद्दा मी काढत नाही, कारण भट्टीत त्यातलं बरंचसं नाहीसं होतं.

पेरूवरचा खरा आक्षेप बियांचा. शिजल्यावर मऊ गरात ती एक बी दाताखाली आली की सगळं मुसळ केरात. म्हणून पेरू फोडायचा, मधला बियांचा गाभा चमच्याने कोरून काढायचा आणि बाहेरच्या वाटीच्याच फोडी करायच्या. गाभा फेकायचा नाही. तो वाटीभर पाण्यात दहा मिनिटं उकळून गाळणीवर घोटला की घट्टसर, बुळबुळीत रस खाली येतो. तोच रस, चिरलेला गूळ आणि एका कागदी लिंबाचा रस फोडींवर घालायचा. अकोला जिल्हा लिंबाच्या बागांसाठी ओळखला जातो, आणि उन्हाळ्यात सोन्याच्या भावाने विकलं जाणारं हेच लिंबू हिवाळ्यात कवडीमोल होतं. पेरू आणि लिंबू दोन्ही एकाच वेळी स्वस्त असतात, यापेक्षा सोयीची गोष्ट कुठली? दालचिनी मात्र सफरचंदाची जोडीदार आहे, पेरूची नाही. इथे चिमूटभर सुंठ आणि दोन मिरीदाणे कुटून घालावेत.

आता पीठ. मैद्यात ग्लुटेन असतं, आणि क्रंबलची सगळी खटपट ते ग्लुटेन जागं होऊ नये यासाठी असते: पाणी टाळा, मळू नका, बोटांच्या टोकांनीच चोळा. ज्वारीत ग्लुटेन नाहीच, तेव्हा ही भीतीही नाही. भाकरी थापणाऱ्या बाईला पीठ ताजं लागतं, कारण शिळ्या पिठाची विरी जाते आणि भाकरी परातीतच चिरते. क्रंबलला विरी नकोच असते. आठवडा उलटून गेलेलं, भाकरीला निकामी झालेलं पीठ, खवट वास येत नसेल तर, इथे शंभर टक्के उपयोगी पडतं. नुसत्या ज्वारीचा भुगा वाळूसारखा सुटा लागतो, हा दोष मात्र आहे. म्हणून दोन वाट्या ज्वारीला एक वाटी जाडसर कणीक घ्यावी, मूठभर भाजलेल्या शेंगदाण्यांचा जाडा कूट घालावा. तूप थिजलेलं हवं, जे हिवाळ्यात आपोआप असतं. परदेशी कृतीत 100 ग्रॅम बटर लिहिलेलं असेल तर तूप 80-85 ग्रॅम पुरतं, कारण बटरमध्ये पाण्याचाही अंश असतो, तुपात नसतो. किती चोळायचं हे करंजीचं मोहन घालणाऱ्या कुणालाही शिकवायला नको: मुठीत दाबलं की मुटका राहिला पाहिजे आणि बोटाने ढकलला की फुटला पाहिजे. साखर मिसळायची ती त्यानंतर.

ज्वारी आता गव्हापेक्षा महाग पडते, मग टंचाईचा पदार्थ म्हणून तिची भलामण कशी करता, असं कुणी विचारलं तर तो प्रश्न रास्त आहे. सोयाबीन आलं आणि वऱ्हाडातल्या खरिपातून ज्वारी मागे हटली. 2023 हे भरडधान्यांचं आंतरराष्ट्रीय वर्ष म्हणून साजरं झालं, त्यातून पाकिटबंद बिस्किटं बरीच निघाली, शिवारात ज्वारी फार परतली नाही. पण एका ताटलीला दोनच वाट्या पीठ लागतं, आणि तेही डब्याच्या तळाशी पडून राहिलेलं. क्रंबलमुळे ज्वारीचा पेरा वाढेल असा दावा मी करत नाही.

ओव्हन नसलेल्यांनी काय करायचं, हा आक्षेप सगळ्यांत जास्त ऐकू येतो आणि मला सगळ्यांत लेचापेचा वाटतो. कोरड्या आचेवर भाजणं वऱ्हाडाला नवीन असतं तर रोडगे आले कुठून? कणकेचे गोळे गोवऱ्यांच्या आरात पुरून भाजणारी, राख झटकून तुपात बुडवणारी मंडळी दोन बोटं जाडीचा भुगा भाजू शकत नाहीत, हे पटण्यासारखं नाही. आच थेट न लागता चौफेर मिळणं, एवढीच अट आहे. शिवाय दिवाळीत घरचं तूप, पिठीसाखर आणि मैदा डब्यात भरून बेकरीवर नेण्याची आणि नानकटाईचे पत्रे भाजून आणण्याची चाल महाराष्ट्रातल्या गावोगावी होती, काही ठिकाणी अजून आहे. नानकटाईचं साहित्य आणि क्रंबलच्या भुग्याचं साहित्य जवळजवळ एकच. घरी ओव्हन असेल तर 180 अंशांवर 35 ते 40 मिनिटं. कडेने रस बुडबुडे काढत वर आला की झालं. कुकरमध्ये मिठाच्या थरावरही भागतं, पण वरून रंग धरत नाही. तेव्हा भुगा आधी कढईत मंद आचेवर बदामी करून घ्यावा.

शेवटचा आक्षेप दोन्ही बाजूंनी येतो. एक बाजू म्हणते, सफरचंद नाही, मैदा नाही, बटर नाही, मग हे क्रंबल कसलं? दुसरी म्हणते, एवढं सगळं आपलंच वापरायचं तर शिरा करा की, परक्या पदार्थाचं सोंग कशाला? पहिल्यांना उत्तर असं की इंग्लंडातही रुबार्बचं, आलुबुखाराचं, ब्लॅकबेरीचं क्रंबल होतं. फळ बदलल्याने तिथे कुणाचं अडलेलं नाही. दुसऱ्यांनी पेरूचीच कुळकथा पाहावी. तो मूळचा अमेरिका खंडातला, पोर्तुगिजांच्या मागोमाग इथे आला. मिरची आणि शेंगदाणाही त्याच वाटेने आले, आणि त्या दोघांवाचून वऱ्हाडी ठेच्याची कल्पनाही करवत नाही. शिरा चांगलाच असतो. पण वर कुरकुरीत आणि खाली आंबट-मऊ, तेही एकाच घासात, असं काही आपल्या गोडाच्या ताटात नाही. जे नाही ते घ्यावं, आणि आपल्या पिठामिठाने घ्यावं.

तेव्हा यंदा डिसेंबरात सहा पेरू आणा, पिकायला आलेले पण दाबल्यावर घट्ट लागणारे. त्यातले दोन कापून तिखट-मीठ लावून आधी खा, उरलेल्या चारांत सहा माणसांचं क्रंबल होतं. वर कस्टर्ड नको, सायीचं घट्ट दही घाला. आणि सफरचंद घरात असेलच तर ते नुसतं कापून खा; स्टोक्ससाहेबांनी ते त्यासाठीच आणलं होतं.