जागेचा वाद की जातीचा वाद?

"हे दिवाणी प्रकरण आहे, कोर्टात जा!" धुरा कोरला, रस्ता अडवला, भिंत पाडली म्हणून गावखेड्यातील आपला माणूस पोलीस ठाण्यात गेला की हेच ऐकतो. तहसील कार्यालय ग्रामपंचायतीकडे बोट दाखवते, ग्रामपंचायत म्हणते मोजणी आणा. या फेऱ्यांत महिने उलटतात आणि शेजारी तोवर बांधकाम करून मोकळा होतो.

भंडारा जिल्ह्याला याची किंमत ठाऊक आहे. मोहाडी तालुक्यातील खैरलांजीत भैयालाल भोतमांगे यांच्या शेतातून रस्ता हवा, हा जुना तंटा होता. पक्क्या घरालाही गावाने आडकाठी केली, असे सत्यशोधन करणाऱ्यांनी नोंदवले. २९ सप्टेंबर २००६ रोजी सुरेखा, प्रियंका, रोशन आणि सुधीर यांची हत्या झाली. सप्टेंबर २००८ मध्ये भंडाऱ्याच्या न्यायालयाने आठ जणांना दोषी ठरवले, पण अ‍ॅट्रॉसिटी कायदा लागू केला नाही. २०१० मध्ये नागपूर खंडपीठाने सहा जणांची फाशी २५ वर्षांच्या कारावासात बदलली. हत्येमागे त्यांना सूड दिसला, जात दिसली नाही. न्यायाची वाट पाहतच भैयालाल २०१७ मध्ये गेले.

म्हणून कोणत्या तक्रारीला कोणते दार, हे आपल्या कार्यकर्त्याला पाठ असले पाहिजे. शेताचा वहिवाटीचा रस्ता किंवा पाण्याचा प्रवाह अडवला, तर १९०६ च्या मामलतदार न्यायालय कायद्याच्या कलम ५ खाली तहसीलदाराकडे जावे. मुदत फक्त सहा महिने. ताब्यातून बेकायदेशीर हुसकावले, तर विशिष्ट अनुतोष कायद्याच्या कलम ६ खाली दिवाणी न्यायालयात दावा करावा. तिथेही मुदत सहा महिनेच, पण मालकी सिद्ध करावी लागत नाही. शेजाऱ्याने आपल्या जागेत भिंत चढवली, तर मनाई हुकूम दिवाणी न्यायालयच देते. मालकीचा शेवटचा निवाडाही त्याचाच. नमुना आठ हा कर आकारणीचा कागद आहे, मालकीचा दस्त नव्हे.

पण दिवाणी दार उघडले म्हणजे फौजदारी दार बंद झाले, ही समजूत साफ चुकीची आहे. अनुसूचित जातीच्या माणसाला जमिनीतून किंवा घरातून अन्यायाने काढणे, जमीन, जागा वा पाण्याच्या हक्काचा उपभोग घेऊ न देणे, हा अ‍ॅट्रॉसिटी कायद्याच्या कलम ३(१)(ग) खाली स्वतंत्र गुन्हा आहे. तो विशेष न्यायालयात चालतो आणि २०१५ च्या दुरुस्तीनंतर ते न्यायालय थेट दखल घेऊ शकते.

२०२० मध्ये हितेश वर्मा खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले, की केवळ मालमत्तेचा वाद म्हणून हा कायदा लागत नाही; कृत्य जातीमुळे झालेले हवे. हा निकाल आता आपल्या प्रत्येक तक्रारीपुढे ढाल म्हणून धरला जातो. तो खटला अपमानाच्या कलमाचा होता, जमिनीवरून काढण्याच्या कलमाचा नव्हता, हे कुणी सांगत नाही. आम्ही विचारतो, ज्या गावात स्मशान आणि वस्ती जातीने वेगळी आहे, तिथे धुराच तेवढा जातीविना कसा राहतो? शेजाऱ्याला आपली जात माहीत नव्हती, हा बचावही टिकत नाही. ओळख असेल तर जात माहीत होती असेच न्यायालयाने गृहीत धरावे, असे कलम ८ सांगते.

भावनेने लिहिलेला अर्ज मात्र कोर्टात उभा राहत नाही. घटनेची तारीख, वेळ, उच्चारलेले शब्द आणि साक्षीदार पहिल्याच तक्रारीत लिहा. पोच घेतल्याशिवाय कार्यालय सोडू नका. वकिलाची फी नाही म्हणून घरी बसू नका. अनुसूचित जातीच्या व्यक्तीला विधी सेवा समितीकडून मोफत वकील मिळतो, त्याला उत्पन्नाची अट नाही.

खैरलांजीनंतर आपण मोर्चे काढले, ते काढायलाच हवे होते. पण पुढच्या गावात रस्ता अडेल, त्या दिवशी सहा महिन्यांचा हिशेब सुरू होईल. त्या दिवशी आपला कार्यकर्ता कागद घेऊन तहसीलच्या दारात उभा हवा.