आमचा गेम आमच्या डिस्कवर : पीसीवर खेळणाऱ्यांचा जाहीरनामा

पैसे मोजून घेतलेला गेम, ज्या दुकानातून घेतला ते दुकान बंद पडल्यावरही चालला पाहिजे. एवढ्या एका मागणीसाठी आम्ही ही चळवळ सुरू करत आहोत. चळवळीला अजून नाव नाही. नाव ठरवायला बसलो असतो तर जाहीरनामा लांबला असता आणि पहिल्याच बैठकीत दोन गट पडले असते ते वेगळेच.

आम्ही मराठी घरांत वाढलेले, पीसीवर खेळणारे लोक. काही अजून कॉलेजात आहेत, काहींच्या मशीनवर आता त्यांची मुलेच हक्क सांगतात. आमच्यातल्या बऱ्याच जणांचा पहिला गेम म्हणजे पायरेटेड सीडीवरचा ‘व्हाइस सिटी’, मुंबईच्या लॅमिंग्टन रोडवरून नाहीतर मित्राच्या दप्तरातून आलेला. त्या दिवसांचे गोडवे आम्हाला गायचे नाहीत. ज्यांनी तो गेम बनवला त्यांना आमच्याकडून दमडीही मिळाली नाही. पुढे हातात पगार आला, नोव्हेंबर 2015 मध्ये स्टीम या ऑनलाइन दुकानाने रुपयांत किमती लावल्या, आणि आम्ही ओरिजिनल घ्यायला लागलो. मग हळूहळू एक विचित्र गोष्ट ध्यानात आली. ती चोरीची सीडी ड्राइव्ह मिळाला तर आजही चालेल. पैसे देऊन घेतलेला गेम चालेलच याची मात्र खात्री नाही.

‘जीटीए फोर’चेच बघा. पीसीवर तो 2008 च्या अखेरीस आला, आणि मायक्रोसॉफ्टच्या ‘गेम्स फॉर विंडोज लाइव्ह’ नावाच्या सेवेला बांधलेला आला. एप्रिल 2018 मध्ये रेडिओवरच्या काही गाण्यांच्या परवान्यांची मुदत संपली आणि एका अपडेटने ती गाणी गेममधून काढली गेली. नव्या गिऱ्हाइकांसाठी नव्हे फक्त. ज्यांनी स्टीमवर तो आधीच घेतला होता त्यांच्याही कॉपीतून. जानेवारी 2020 मध्ये तर गेम स्टीमवरून विक्रीतूनच गेला, कारण त्या मेलेल्या सेवेच्या नव्या की (गेम चालू करायचे कोड) मिळेनाशा झाल्या होत्या. मार्चमध्ये तो परत आला, पण मल्टिप्लेअर कापून. विकलेल्या वस्तूत विक्रेता परस्पर काटछाट करतो आणि आपण ‘अपडेट आला’ म्हणून ती स्वतःच डाउनलोड करून घेतो.

याहून सरळ दरोडा ‘द क्रू’चा. यूबीसॉफ्टने 2014 मध्ये काढलेला हा गाड्यांच्या शर्यतीचा गेम. डिसेंबर 2023 मध्ये विक्री थांबवली, 31 मार्च 2024 ला सर्व्हर बंद केले. एकट्याने खेळायचा भागही सर्व्हरशिवाय चालत नसल्यामुळे सगळाच गेम गेला, आणि नंतर लोकांच्या लायब्ररीतून त्याचा परवानाही काढून घेतला गेला. यावर रॉस स्कॉट या यूट्यूबवाल्याने ‘स्टॉप किलिंग गेम्स’ ही मोहीम उभी केली. गेमची विक्री थांबवा हवी तर, पण विकलेला गेम चालण्याच्या स्थितीत सोडून जा, एवढेच तिचे म्हणणे. युरोपियन युनियनच्या नागरिक-अर्जासाठी दहा लाख सह्या लागतात. जुलै 2025 मध्ये मुदत संपेपर्यंत त्याहून जास्त सह्या जमल्या. आपण भारतात बसून त्या अर्जावर सही करू शकत नव्हतो. पण कोणत्या दुकानात पैसे द्यायचे हे ठरवायला सही लागत नाही.

आता कायद्याचे. स्टीमच्या करारात पहिल्यापासून लिहिले आहे की तुम्हाला गेम विकलेला नाही, वापरायचा परवाना दिला आहे. तो करार कोण वाचतो? कॅलिफोर्नियाने 2024 मध्ये कायदा केला आणि 1 जानेवारी 2025 पासून तो लागू झाला : कायमची मालकी देत नसाल तर ग्राहकाला तसे स्पष्ट सांगितल्याशिवाय ‘विकत घ्या’ म्हणायचे नाही. त्याच सुमारास स्टीमच्या पैसे भरायच्या पानावर तशी ओळ आली. उशिरा का होईना, खरे बोलले. मालकीचा प्रश्न फ्रान्समध्येही लढला गेला. मुंबईत फाउंटनच्या फुटपाथवर जुने पुस्तक विकावे तसा वापरलेला डिजिटल गेम दुसऱ्याला विकता यावा, असा निकाल पॅरिसच्या न्यायालयाने 2019 मध्ये एका ग्राहक संघटनेच्या बाजूने दिला होता. 2022 मध्ये अपिलात तो फिरला. म्हणजे न्यायालयाची वाट बघत बसण्यात सध्या अर्थ नाही.

म्हणून आम्ही दुकान निवडण्याची कसोटीच बदलत आहोत. आजवर आपण एकच प्रश्न विचारत आलो : कुठे स्वस्त आहे? यापुढे आधी विचारायचे, व्यवहार झाल्यावर माझ्या डिस्कवर काय राहणार? किंमत त्यानंतर.

या कसोटीवर पहिला नंबर जीओजीचा. पोलंडच्या सीडी प्रोजेक्टने, म्हणजे ‘विचर’ बनवणाऱ्यांनी, 2008 मध्ये जुने गेम विकायला हे दुकान काढले. इथे गेमवर कुलूप, म्हणजे दुकानाच्या परवानगीशिवाय गेम चालू न देणारी यंत्रणा, नसते. इन्स्टॉलरची फाइल उतरवायची, हार्ड डिस्कवर ठेवायची, हव्या त्या मशीनवर इंटरनेटशिवाय टाकायची. त्यांचा लाँचर वापरायचा की नाही ही तुमची मर्जी. 2020 पासून तीस दिवसांत पैसे परत मागता येतात, गेम खेळून झालेला असला तरी. (या सवलतीवर गेममागून गेम फुकट संपवणाऱ्याला आमच्या चळवळीत जागा नाही.) नोव्हेंबर 2024 पासून त्यांनी जुने गेम नव्या मशीनवर चालते ठेवण्याचा कार्यक्रमही हाती घेतला आहे. कागदोपत्री जीओजीसुद्धा परवानाच देते, हे लपवण्यात अर्थ नाही. फरक एवढाच की तुमच्या कपाटातल्या डिस्कवर असलेली फाइल काढून घ्यायला त्यांना तुमच्या घरी यावे लागेल. हा फरक आम्हाला पुरेसा आहे.

जीओजीच्या उणिवाही सांगितल्या पाहिजेत, नाहीतर हा जाहीरनामा न राहता जाहिरात होईल. बरेच मोठे गेम तिथे येतच नाहीत, आले तर काही वर्षांनी. ‘बाल्डर्स गेट 3’सारखा मोठा गेम पहिल्या दिवसापासून तिथे असणे हा अजून अपवादच. शंभर जीबीचा गेम तुकड्यातुकड्यांत उतरवून ठेवणे हे कंटाळवाणे काम आहे आणि हार्ड डिस्कला पैसे पडतात. मालकी हवी तर सांभाळायची जबाबदारीही आली. ती नको असेल त्याने तसे कबूल करून भाड्याने खेळावे. त्यातही काही पाप नाही.

एकट्यादुकट्याने किंवा छोट्या गटाने बनवलेले गेम आम्ही शक्यतो इच डॉट आयओवरून घेऊ. 2013 पासून चाललेले हे दुकान आपला वाटा किती घ्यायचा हे गेम बनवणाऱ्यालाच ठरवू देते. त्याने काही ठरवले नाही तर दहा टक्के. स्टीमचा वाटा तीस टक्क्यांपासून सुरू होतो आणि विक्री एक कोटी डॉलरच्या पुढे गेल्यावर पंचवीस, पाच कोटींच्या पुढे वीस होतो. म्हणजे ज्याचा गेम तुफान चालतो त्याला सूट, आणि ज्याचे कसेबसे भागते त्याला पूर्ण दर. हजाराच्या गेममागे तीनशे. हे आम्हाला पटत नाही.

तरी स्टीमवर बहिष्कार टाका असे आम्ही म्हणणार नाही. पुण्यातल्या कॉलेजातला मुलगा यूपीआयवरून रुपयांत गेम घेतो, दोन तासांच्या आत आवडला नाही तर चौदा दिवसांत पैसे परत मिळवतो, याचे मोल आम्हाला कळते. ही परतीची सोय 2015 मध्ये आली. त्याआधीच ऑस्ट्रेलियाच्या ग्राहक आयोगाने स्टीम चालवणाऱ्या व्हॉल्व्हला न्यायालयात खेचले होते, आणि 2016 मध्ये तिला तीस लाख ऑस्ट्रेलियन डॉलरचा दंड झाला. ग्राहक जिथे भांडतो तिथे दुकान सुधारते. 2018 पासून व्हॉल्व्हच्याच प्रोटॉन या सॉफ्टवेअरमुळे विंडोजचे गेम लिनक्सवर चालू लागले, हे कामही मोठे आहे. आणखी एक गोष्ट थोड्यांना माहीत असते : स्टीमचे कुलूप लावायची सक्ती नाही. ते लावायचे की नाही हे गेम काढणारा ठरवतो. स्टीमवरचे कित्येक गेम स्टीम बंद ठेवून थेट फोल्डरमधून चालतात. असे गेम कोणते, हे शोधून एकमेकांना सांगणे हे चळवळीचे रोजचे काम राहील.

एपिकबद्दल आमच्यातच मतभेद आहेत. 2018 च्या डिसेंबरात हे दुकान बारा टक्के वाटा घेऊन उतरले, आणि बनवणाऱ्यांच्या दृष्टीने ते चांगलेच झाले. पण गिऱ्हाइकाचे मन वळवण्याऐवजी त्यांनी ‘मेट्रो एक्झोडस’सारखे गेम वर्षभर आपल्याकडेच अडवून धरले, आणि एकाहून जास्त गेम एकदम घ्यायला लागणारी साधी कार्ट द्यायला 2021 उजाडले. दर आठवड्याचा फुकटचा गेम घ्या, आम्हीही घेतो. मात्र फुकट मिळालेल्या गेमांनी भरलेली लायब्ररी पाहून आपण तिथले मालक आहोत असे समजू नका.

कींच्या बाजाराबद्दल मतभेद नाहीत. अर्ध्या किमतीत की विकणाऱ्या आडबाजूच्या साइटवरून आम्ही काहीही घेणार नाही. ती की कुठून आली हे विकणारा सांगत नाही, कित्येकदा त्यालाही माहीत नसते. ‘फॅक्टोरिओ’ बनवणाऱ्या वूब सॉफ्टवेअरने जीटूए या अशाच साइटवर आपल्या चोरीच्या की विकल्या गेल्याची तक्रार केली होती. तपासणीत 198 की तशा निघाल्या आणि 2020 मध्ये जीटूएला सुमारे चाळीस हजार डॉलर भरून द्यावे लागले. चोरीच्या कार्डावर घेतलेली की असली, तर बँक पैसे परत ओढते आणि भुर्दंड बसतो तो गेम बनवणाऱ्याला. त्यापेक्षा सेलची वाट पाहावी. टॉरंटवाल्यांनाही हेच. दुकान आपल्याला फसवते म्हणून बनवणाऱ्याला फसवायचा हक्क आपल्याला मिळत नाही.

नियम त्यामुळे सोपा आहे. गेम इन्स्टॉलरसकट मिळत असेल तर तिथेच घ्यायचा, दोन-तीनशे रुपये जास्त पडले तरी. पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्सचा ‘राजी’ स्टीमवरही आहे आणि जीओजीवरही. आपल्या गावच्या माणसांचा गेम तरी आपल्या डिस्कवर असू द्या. जास्तीचे पैसे परवडत नसतील त्या विद्यार्थ्याने सेलमध्ये घ्यावा, किंवा स्टीमवर घ्यावा. त्याला कोणी चळवळीतून काढणार नाही. गेम एकाच दुकानात कुलूपबंद मिळत असेल तर किमतीकडे भाडे म्हणून बघायचे आणि तेवढेच मोजायचे. सर्व्हर बंद झाल्यावर काय होणार हे जो सांगत नाही, त्याच्या गेमला पहिल्या दिवसाची पूर्ण किंमत द्यायची नाही. प्री-ऑर्डर तर मुळीच नाही.

मागण्याही आहेत. दुकानांनी विकायच्या पानावरच, किमतीशेजारी, त्याच आकाराच्या अक्षरांत लिहावे : हा गेम इंटरनेटशिवाय चालतो का, कुलूप कोणाचे आहे, वेगळे अकाउंट लागते का. बनवणाऱ्यांनी सर्व्हर बंद करण्याआधी शेवटचा एक अपडेट देऊन गेम मोकळा करावा. आणि सरकारकडे मागणी नव्या कायद्याची नाही. 2019 च्या ग्राहक संरक्षण कायद्यात दिशाभूल करणाऱ्या जाहिरातीची तरतूद आहे. ग्राहकाला फसवणाऱ्या ऑनलाइन मांडणीवर केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरणाने नोव्हेंबर 2023 मध्ये मार्गदर्शक तत्त्वे काढली आहेत. भाड्याच्या वस्तूवर ‘विकत घ्या’चे बटण लावणे त्यात बसते की नाही, हे प्राधिकरणाने एकदा सांगून टाकावे.

गेमसारख्या पोरखेळासाठी इतके कशाला, असे घरचे विचारतील. त्यांना सांगा, बिंदुमाधव जोशींनी 1974 मध्ये पुण्यात ग्राहक पंचायत सुरू केली आणि पुढच्याच वर्षी मुंबई ग्राहक पंचायत उभी राहिली, ती डाळ-तांदूळ-तेलाच्या प्रश्नांवर. मुंबईत शेजारपाजारच्या घरांनी मिळून माल घेतला आणि मधल्या साखळीला वळसा घातला. देशातली ग्राहक चळवळ ज्या गावांत वाढली तिथल्या नातवंडांनी हजार-दोन हजारांच्या खरेदीत काय मिळाले हे न विचारता गप्प बसावे, हे काही बरे दिसत नाही.

सभासद फी नाही, फॉर्म नाही. या रविवारी एवढे करा. इंटरनेट बंद करा, सगळे लाँचर बंद करा, आणि आपल्या लायब्ररीतला एकेक गेम थेट फोल्डरमधून चालू करून पाहा. जे चालले त्यांची प्रत दुसऱ्या डिस्कवर काढून ठेवा. जे चालले नाहीत त्यांची नावे आणि त्यांवर घातलेले पैसे कागदावर लिहा, बेरीज करा, आणि पुढचा गेम घेण्याआधी तो कागद समोर ठेवा.