मापांत पाप नको

शाळेंत मास्तर कोण यावा याची पंचाईत शहाण्यासुरत्यांनीं करावी, आपणांस तिचें काय, असें म्हणणाऱ्या शेतकरी, आगरी, कोळी, सुतार, कुंभार बंधूंस आज चार शब्द स्पष्ट सांगणें भाग आहे. ज्याच्या गांठीं पैसा आहे तो आपलें पोर भाईंदर, मीरा रोडच्या फीच्या शाळेंत घालतो. उत्तन, डोंगरी, राई, मुर्धे येथील गरिबाच्या पोरास महानगरपालिकेच्या शाळेवांचून दुसरा आधार नाहीं. तेथें नालायक मास्तर आला तर बुडतें तें गरिबाचें पोर.

जोतीराव फुले यांनीं १८८२ सालीं हंटर कमिशनपुढें सांगितलें कीं, नांगराचें रुमणें किंवा सुताराची वाकस धरण्यास न लाजणारे मास्तर शेतकरीवर्गांतूनच तयार करावे. शाहू महाराजांनीं १९०२ सालीं कोल्हापुरांत रिकाम्या होणाऱ्या निम्म्या जागा मागासलेल्या वर्गांस राखून ठेविल्या. त्या काळीं लायकीचें नांव पुढें करून जात दार अडवून बसली होती. आज त्याच दारांत पैशाची थैली बसली आहे.

देणगी आणि वशिला यांना आळा बसावा म्हणून आपल्या राज्यांत २०१३ सालीं शिक्षक पात्रता परीक्षा आली, २०१७ सालीं भरतीचें 'पवित्र' पोर्टल आलें. सर्वांस एकच माप झालें, हें चांगलें झालें. पण मापाडीच फितूर झाला तर? डिसेंबर २०२१ मध्यें पुणें पोलिसांनीं परीक्षा परिषदेच्या त्या वेळच्या आयुक्तांस अटक केली. आणि २०१९-२० च्या परीक्षेंतील गैरप्रकारांबद्दल परिषदेनें २०२२ सालीं सात हजार आठशेंच्या वर उमेदवारांचा निकाल रद्द केला.

मापांतल्या पापाचा शेवट काय होतो तें बंगाल्यांत दिसलें. तेथील २०१६ च्या भरतींतील सुमारें पंचवीस हजार शिक्षक व कर्मचारी यांच्या नेमणुका सुप्रीम कोर्टानें ३ एप्रिल २०२५ रोजीं रद्द केल्या. मूळ उत्तरपत्रिका नष्ट झालेल्या. सगळी भरतीच नासलेली ठरली. ज्यांच्यावर कसलाही ठपका नव्हता त्यांच्याही नेमणुका रद्द झाल्या. सुक्याबरोबर ओलें जळालें.

त्याच कोर्टानें १ सप्टेंबर २०२५ रोजीं, महाराष्ट्रांतून गेलेल्या अंजुमन इशात-ए-तालीम ट्रस्टच्या खटल्यांत ठरविलें कीं, ज्यांची पांच वर्षांहून अधिक नोकरी उरली आहे अशा जुन्या शिक्षकांनींही दोन वर्षांत पात्रता परीक्षा पास व्हावें, नाहीं तर नोकरी सोडावी. हें लिहिणारे आम्हीही अध्यापक विद्यालयांतून निघालेले मास्तर आहों; तो घाव आमच्याही अंगावर आहे. नेमणुकीच्या वेळीं जी अट नव्हती ती वीस वर्षांनीं लादावी काय, ही तक्रार पोकळ नाहीं. तयारीस सवड द्या, शाळेबाहेरचीं कामें कमी करा, असें आम्ही म्हणूं. पण परीक्षाच नको, असें आम्ही म्हणणार नाहीं. परीक्षा गेली कीं वशिला उरतो, आणि वशिल्याच्या रांगेंत कुणब्याच्या पोराचा नंबर कधींच लागत नाहीं.

आमचें मागणें थोडकें आहे. प्रत्येक उमेदवाराची उत्तरपत्रिका व गुण उघडे करा. गुणांची यादी व राखीव जागांचा हिशेब शाळेच्या भिंतीवर लावा. पैसे घेणाऱ्यास देणाऱ्याहून कमी शिक्षा नको.

आणि आपल्या लोकांस एक कडू गोष्ट. जमीन विकून, होडी गहाण टाकून पोरासाठीं मास्तरकी विकत घेणारा बाप आपल्यांतही आहे. बाबा रे, तूं घेतलेली जागा शेजारच्या झोंपडींत कंदिलापाशीं अभ्यास करणाऱ्या दुसऱ्या गरिबाची आहे. बाजारांत खोटें माप दिसलें तर तूं व्यापाऱ्याशीं भांडतोस. मग शाळेच्या दारांत तूंच तें कां चालवितोस?