मनाई मागताना हात आखडता हवा

विश्वस्त मंडळात फूट पडते, दोन्ही गट आपापले बदल अर्ज दाखल करतात आणि पाठोपाठ मनाईचा अर्ज येतो. त्यातली विनंती बहुधा ठरलेली: प्रतिवादींनी संस्थेच्या कामकाजात कोणताही हस्तक्षेप करू नये. नांदेड-लातूरच्या आपल्या वकील मित्रांना कळकळीने सांगावेसे वाटते, की ही विनंती फार मोठी आहे. तिच्या पोटात शिक्षकांची पगारबिले येतात, वसतिगृहाचा किराणा येतो, देवाची नित्यपूजाही येते.

‘जैसे थे’चा आदेशही तितकाच घातक ठरू शकतो. चेकबुक एका गटाकडे, शिक्का दुसऱ्याकडे. आदेशाच्या दिवशी कारभार कोण पाहत होते हे त्यात नसेल, तर दोन्ही गट तीच प्रत बँकेत नेतात आणि बँक खातेच गोठवते. त्यापेक्षा नेमके मागावे. नवी नोकरभरती, मालमत्तेची विक्री किंवा भाडेपट्टा, सभासद यादीतील बदल एवढ्यापुरती मनाई; पगार आणि दैनंदिन खर्च दोघांच्या सह्यांनी चालू.

कुठे जायचे, हेही आधी ठरवावे. विश्वस्त कोण, याची चौकशी महाराष्ट्र सार्वजनिक विश्वस्तव्यवस्था कायद्याच्या कलम २२ खाली होते आणि कलम ८० मुळे असा प्रश्न दिवाणी न्यायालयात सहसा टिकत नाही. ४१-ए खालचे निर्देश कारभारासाठी आहेत. त्या वाटेने हक्काचा निवाडा मागू नये. कलम ५० चा दावा हितसंबंधी व्यक्तींना करायचा तर ५१ खाली धर्मादाय आयुक्तांची लेखी संमती लागते आणि तिला वेळ जातो. मालमत्ता हातची जाण्याची भीती असेल तेव्हा ४१-ई खालची मनाई हाच जवळचा मार्ग.

मराठवाड्यात ही भीती खरी आहे. निजामकाळातल्या खिदमतमाश (देवस्थानाच्या सेवेसाठीच्या इनामी) जमिनी फेरफाराच्या एका नोंदीने देवस्थानाच्या हातून सुटू शकतात. अशा वेळी अर्जाला मुंतखब, जुना खासरा, चालू सातबारा आणि सार्वजनिक न्यास नोंदवहीचा उतारा जोडलेला हवा. कलम ३६ ची परवानगी नसताना झालेला विक्रीचा करारनामा हाती असेल, तर तो पहिल्याच पानावर घ्यावा. पानभर आरोपांपेक्षा तो एक कागद जास्त काम करतो.

नांदेडच्या तख्त सचखंड श्री हजूर साहिब गुरुद्वाऱ्याचा कारभार मात्र १९५६ च्या स्वतंत्र कायद्याने चालतो, त्यामुळे तिथे आधी तोच कायदा उघडावा. या गुरुद्वाऱ्याचे ऑक्टोबर २०२० मधले प्रकरण नेमके कसे मागावे यासाठी अभ्यासण्याजोगे आहे. वाद विश्वस्तांमधला नव्हता; कोविडच्या निर्बंधांत दसऱ्याची मिरवणूक काढू द्यावी, एवढीच मागणी होती. सर्वोच्च न्यायालयाने निर्णय राज्याच्या आपत्ती व्यवस्थापन यंत्रणेकडे सोपवला. तिने नकार दिल्यावर उच्च न्यायालयाने अटी घालून मर्यादित मिरवणुकीला परवानगी दिली. सण तारखेला बांधलेला असतो, पुढची तारीख तिथे निरुपयोगी. म्हणून किती माणसे, कोणता मार्ग, किती वेळ हे अर्जदारानेच अर्जात लिहून द्यावे. न्यायाधीशांना ‘हो’ म्हणणे त्यामुळे सोपे जाते.

एकतर्फी मनाई मिळाली, तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३९ नियम ३-ए मधले तीस दिवस लक्षात ठेवा आणि समोरच्यावर बजावणी त्याच दिवशी करा.